मांसावरचं फडकं

फ्लॉरेन्सला, नेन्चो खाटकाच्या दुकानी, रांगेत माझ्यापुढे तेसामावशी होत्या.

"नेन्चो, मांसावर कसला रे हा पडदा? नवरी आहे का ती?"

"माश्या बसू नयेत म्हणून, मावशी. ड्यूकच्या वैद्यानं बरण्यांत मांस ठेवून पाहिलं. उघड्या बरणीत अळ्या झाल्या, फडकं बांधलेल्या बरणीत एकही नाही."

"काहीतरीच! मांस सडलं की त्याच्याच अळ्या होतात."

"नाही हो. माशी अंडी घालून जाते, त्यातून होतात."

"माणसाच्या मांसातसुद्धा?"

"मांस ते मांस. का हो?"

"आमच्या सान्तीचा पाय गाडीखाली आला होता ना, त्या जखमेत पडल्या होत्या. सगळे म्हणाले, पोराचं पापच अळ्या होऊन बाहेर पडतंय. मी रोज त्याच्या उशाशी बसून विचारायची, काय केलंस ते सांगून टाक. तो म्हणायचा, आई, मी काही नाही गं केलं."

"मग?"

"मग शेवटच्या दिवशी म्हणाला, केली होती चोरी."

"कसली?"

"मीही तेच विचारलं. तर म्हणाला, आई, तूच सांग ना कसली ते."