तिसऱ्या खांबाची सावली

नाव: मिठागरात सगळे दारवाली म्हणतात, नोंदीत तेच लिहावे. वय: ४४ वर्षे. काम: मिठागराचे दार सांभाळणे. राहणार: मिठागराच्या भिंतीलगतची खोली, आईसह.

मी स्वतः ठाण्यात हजर राहून, कोणाच्या सांगण्यावरून नव्हे, असे सांगते की, मी अकरा वर्षांपासून या दारावर आहे. माझी धाकटी बहीण, वय ३८, त्याच मिठागरात मीठ ओढते. तिच्या नवऱ्याने, म्हणजे माझ्या मेहुण्यांनी, मी जुन्या रागातून तिला दाराबाहेर ठेवले अशी तक्रार दिली आहे. त्याबाबत माझे म्हणणे पुढीलप्रमाणे.

उजेडी म्हणजे मिठाच्या तळातून वर येणारा हिरवट उजेड. दोन्ही चंद्र दिवसा दिसू लागले की त्या आठवड्यात ती केव्हाही येते. पुरुषभर उंचीने जमिनीलगत सरकते. भर उन्हातही कळते, कारण तिच्यात कशाचीच सावली पडत नाही. तिच्यात सापडलेल्याला मागचे काही आठवत नाही. हातपाय शाबूत राहतात, कामही करता येते. म्हातारे माणूस दगावते. ती भिंत ओलांडत नाही, पण दार उघडे असले तर वस्तीत शिरते. म्हणून दाराबाहेर ओळीने उभ्या खांबांपैकी तिसऱ्या खांबाची सावली गेली की अडसर घालायचा आणि उजेडी ओसरेपर्यंत काढायचा नाही, असा नियम आहे.

घटनेच्या दिवशी दुपारी सव्वाबारा वाजता, उजेडी येण्याआधी पडतो तसा, वारा पडला. मी भोंगा वाजवला. माणसे अवजारे टाकून आत येऊ लागली. मी मोजत होते. एकतीस जण आत आले. दोन कमी होते.

ठसका आजी नावाची एक जुनी कामगार आहे, म्हणजे होती. तिला कायम खोकला असे. ती वाफ्यात पडली होती. माझी बहीण दारापर्यंत येऊन तिच्यासाठी परत फिरली. हे मी पाहिले. मी तिला हाक मारली नाही. आमच्यात एकोणीस दिवस अबोला होता. आईला मी नीट सांभाळत नाही, असे ती बोलली होती. मीही बोलले होते. काय बोलले ते इथे लिहिण्याची गरज नाही.

ती आजीला काखेत धरून येत होती. दारापासून दहा पावलांवर असताना तिसऱ्या खांबाची सावली गेली. मुकादम माझ्या शेजारी होते. ते म्हणाले, "बहीण तुमची आहे. तुम्हीच बघा." मी अडसर घातला.

बहीण दाराशी आली. म्हणाली, "ताई, उघड. मी आहे."

मी अडसरावर हात ठेवून उभी राहिले.

ती म्हणाली, "ताई, अगं, म्हातारीला तरी घे." त्यानंतर थोड्या वेळाने म्हणाली, "बरं, राहू दे. आईचं औषध संपलंय, आणून दे तेवढं." त्यानंतर ती बोलली नाही. आजीचा खोकला काही वेळ ऐकू येत होता.

विचारल्यावरून सांगते की, अडसर निघायला पाच आकडे मोजण्याइतका वेळ लागतो. तिला आत घेता आले असते का, हे मला सांगता येत नाही. मी दोन्ही प्रकारे मोजून पाहिले आहे. कधी ती आत येते, कधी येत नाही.

दोन वाजून पाच मिनिटांनी मी दार उघडले. ठसका आजी मयत होती. तिचे डोके बहिणीच्या मांडीवर होते. बहिणीचे हात मनगटापर्यंत उजळत होते. तिने मला विचारले, "बाई, या आजी कोणाच्या? यांच्या घरी कळवायला हवं."

मेहुणे तिला न्यायला आले. ती म्हणाली, "परक्या माणसाबरोबर मी कशी जाऊ?" त्यांनी तिला लग्नातली साडी आणून दाखवली. ती म्हणाली, साडी चांगली आहे. मग मी बाईमाणूस म्हणून ती माझ्याकडे राहिली. मेहुणे रोज संध्याकाळी येऊन दारात उभे राहतात. त्यांनी तक्रार का दिली हे मला कळते. त्यांच्याबद्दल माझे काही म्हणणे नाही.

बहीण आईला आजी म्हणते व वेळेवर औषध देते. आई तिला लहानपणच्या नावाने हाक मारते. ती ओ देते. आईच्या समाधानासाठी देते, असे तिने मला बाजूला घेऊन सांगितले.

काल दुपारी जेवताना तिने विचारले, "तुम्ही इतक्या गप्प गप्प असता. त्या दिवशी तुमचं कोणी बाहेर राहिलं होतं का?"

मी हो म्हणाले.

ती म्हणाली, "अगंबाई." उष्टा हात धुऊन आली आणि माझ्या पाठीवरून हात फिरवत बसली. मी तिला थांबवले नाही.

एवढेच सांगायचे आहे. वरील मजकूर हवालदारांनी मला मोठ्याने वाचून दाखवला. तो मी सांगितल्याबरहुकूम आहे, त्यात काही कमी-जास्त नाही, म्हणून खाली अंगठा देत आहे.