आउट होता म्हणून आउट दिला

मी मूळचा साताऱ्याकडचा. वडील पलटणीत सुभेदार, त्यामुळं आमच्या घरात मुलगा झाला की तो फौजेत जाणार हे पाळण्यातच ठरलेलं, आणि मी तर ऑफिसर झालो, मेजर म्हणून रिटायर झालो. क्रिकेटही फौजेतच शिकलो. सैन्यदलाच्या संघातून मोठमोठ्या संघांविरुद्ध ओपनिंगला गेलोय, एक पैसा न घेता, निव्वळ हौसेनं, हे लिहा. आमच्यात एक रीत होती, बॅटची कड लागून झेल गेला की अंपायरकडं बघायचंसुद्धा नाही, बॅट काखोटीला मारायची आणि चालू लागायचं. बोट वर व्हायची वाट बघत उभा राहणारा माणूस संध्याकाळी मेसमध्ये तोंड दाखवायला लाजायचा. आता हे कुणाला सांगितलं की हसतात. हसा म्हणावं.

बायको गेली, तेव्हा शिरीष म्हणाला बाबा, एकटे काय राहता तिथं, या इकडं. एकुलता एक मुलगा, आलो अमेरिकेत, एडिसनला. आणि काय सांगू तुम्हाला, मेजरकी सगळी विमानतळावरच राहिली हो. इथं साधं दूध आणायचं तरी कुणीतरी राइड द्यायला पाहिजे. ड्रायव्हिंग शिकतो म्हटलं, तर शिरीष म्हणाला या वयात कशाला रिस्क. म्हणजे ज्यानं डोंगरातून फौजेच्या गाड्यांचे ताफे नेले, तो सूनबाईला विचारणार, मेधा, ग्रोसरीला जाशील तेव्हा मला नेशील का!

एक रविवार तेवढा माझा होता. आपल्या मराठी लोकांची टीम आहे, सगळे डॉक्टर, इंजिनिअर, शिरीषही त्यातच. पार्कात बेसबॉलवाल्यांच्या शेजारी मॅट अंथरून खेळतात, बायका फॉइलच्या ट्रेमधून पोहे आणतात. तिथं बाहेरचा अंपायर नसतो, जी टीम बॅटिंग करते तिचेच दोघं उभे राहतात. कॅप्टन म्हणजे एक भुलीचे डॉक्टर, त्यांनी स्वतःचा हॉस्पिटलातला पांढरा कोट माझ्या अंगात घातला, म्हणाले काका, तुमच्यासारखा जाणकार असताना दुसरा कोण? खोटं कशाला बोलू, छाती फुगली माझी.

मागच्या उन्हाळ्यातली फायनल. समोर गयानाची पोरं, शिरीष बॅटिंगला, झकास खेळत होता. जिंकायला थोड्याच धावा राहिलेल्या, आणि त्याच्या बॅटची कड लागली. बेसबॉलवाल्यांनाही ऐकू गेलं असेल एवढा आवाज. कीपरनं झेल घेतला. मी शिरीषकडं बघतोय, म्हटलं आता निघेल, माझा मुलगा आहे. हा गाढव खाली मान घालून ग्लोव्ह सारखे करतोय! सगळे माझ्याकडं बघून ओरडतायत. मी बोट वर केलं. अहो, आउट होता म्हणून आउट दिला, दुसरं काय करायचं असतं अंपायरनं?

मॅच हरलो आणि माझ्यावर तुटून पडले. डॉक्टर म्हणाले काय यार काका, आपल्याच पोराला? त्यांचे अंपायर आपल्याला कधी विकेट देतात का? थोडं ॲडजस्ट करावं लागतं. ॲडजस्ट! मग द्या की भुलीचं औषधही एखाद्याला थोडं ॲडजस्ट करून! मी कोट काढला आणि त्यांच्या हातात दिला.

घरासमोर गाडी लावून शिरीष म्हणाला, बाबा, आठवडाभर ऑफिसात सगळ्यांचं खाली मान घालून ऐकतो मी, माझं नावसुद्धा धड घेत नाहीत तिथं. रविवारी चार लोक मला मानतात, तेवढंही तुम्ही घालवलंत. मी म्हटलं अरे, पण झेल गेला होता! तर दार आपटून आत गेला. त्या दिवसापासून बोलणं बंद. एका घरात राहतो, एका टेबलावर जेवतो, निरोप सगळे मेधाकडून. वर्ष झालं. माझं चुकलं असं मी म्हणावं, एवढंच त्याला हवंय, आणि ते मी मेलो तरी म्हणणार नाही.

आता परवाचीच गोष्ट सांगतो, अजून टाळकं तापलेलंच आहे. पुन्हा फायनल, पुन्हा तीच गयानाची टीम. मी बाउंड्रीबाहेर फोल्डिंगच्या खुर्चीवर, अंपायर स्वतः डॉक्टर. आणि च्यायला, पुन्हा शिरीषच्या बॅटची कड लागली, पुन्हा झेल! शिरीषनं मान वळवली आणि सरळ माझ्याकडं बघितलं. मी अर्धा उठलो हो खुर्चीतून. वाटलं, निघतोय. त्यानं पुन्हा गार्ड घेतला. डॉक्टरांनी मान हलवली, नॉट आउट. गयानाचा कीपर, भला पोरगा, ग्लोव्ह काढून कमरेवर हात ठेवून नुसता उभा राहिला. मला तिथं मेल्याहून मेल्यासारखं झालं.

जिंकले. नाचायला लागले. मी खुर्ची मिटली आणि तडक निघालो, म्हटलं यांच्यात एक मिनिट थांबणार नाही. पण जाणार कुठं? स्टेशन कुठल्या कुठं, रस्त्याला फुटपाथ नाही. गाडीपाशी आलो तर किल्ली शिरीषच्या खिशात. उन्हात उभा राहिलो तासभर, पोरगं बसस्टॉपवर उभं करतात तसा.

तो आला, हातात जिंकलेला हा एवढा कप. दार उघडलं, मी बसलो. ठेवायला जागा नव्हती म्हणून त्यानं कप माझ्यापुढं केला, म्हणाला, धरा.

वर्षानं माझ्याशी बोललेला तो पहिला शब्द. आणि मी धरला. घरापर्यंत मांडीवर घेऊन बसलो. देव त्याला उदंड आयुष्य देवो, दुसरं काय म्हणू? पण तो आउट होता. लिहा, आउट होता.