डिंक वाळेपर्यंत

—नाही, बोलू नका साहेब, डिंक ओला आहे. आत्ता ओठ हलवलेत तर दाढी तिरकी बसेल, मग सगळं नेपल्स ऑपेरा सोडून तुमची हनुवटीच बघत बसेल. गरम होतंय? होणारच — स्टुडिओतले दिवे याहून गरम. पण कल्पना छान हं तुमची. ऑपेरा म्हणजे बड्या लोकांची चैन, असं वाटणाऱ्यांना टीव्हीवरून समजावून सांगायचं, तेही ऑपेरातल्या कंजूष म्हाताऱ्याचा वेष करून. शनिवारी तुम्हाला बघायला आमच्या गल्लीतल्या बारच्या टीव्हीपुढे उभं राहायला जागा नसते. तोनिनो मासेवाला, तोसुद्धा गुणगुणतो आता. माझा नवरा, चिरो, ऑपेरात हेच म्हातारे गायचा — जन्मभर. ठाऊक आहे तुम्हाला, टीव्हीसाठी तुम्हीच तर चाचणी घेतलीत त्याची. घेऊन काय म्हणालात? ‘चिरोबुवा, तुमचा चेहरा या खोक्यात मावत नाही. भुवया फार नाचतात.’ बरोबरच होतं. थिएटरात शेवटच्या माळ्यावरच्या माणसाला हसवायचं तर भुवई नाचवावीच लागते — आणि तुमचा कॅमेरा नाकाशी. ‘चेहरा स्थिर करून या, मग बघू’ म्हणालात. — मान नका हलवू. — तर तो रोज आरशासमोर बसायचा. गळा गातोय, चेहरा दगड. मग जेवतानाही दगड. मी म्हणायची, अरे, मी काय कॅमेरा आहे? हसायचा नाही. एका सकाळी असाच बसलेला. मी कॉफी ठेवली, तोनिनोच्या बायकोचं भांडण सांगितलं, सगळं, तिची नक्कल करून — आणि म्हटलं, वा, आज पापणीसुद्धा हलली नाही, आज घेतीलच तुला. कॉफी निवली तेव्हा हात लावला. तोही निवलेला.

दचकू नका, कात्रीनं नुसती कड सारखी करतेय. दाढी छान बसली ना? केस खरे आहेत. जाळीवर एकेक केस गाठ मारून बसवलाय, अख्खा हिवाळा. म्हाताऱ्याच्या दाढीला पांढरेच लागतात — शवपेटी बंद करायच्या आधी मीच त्याचे कापून घेतले, न्हाव्याला नाही बोलावलं. — हात खाली ठेवा. ओढलीत तर कातडी सोलून येईल, आणि आज सगळं थेट दाखवतायत, पुन्हा करता येत नाही. मावत नाही म्हणाला होतात ना? बघा आरशात. मावला.

डिंक वाळला. आता बोललात तरी चालेल.



उठा आता. लाल दिवा लागलाय, लोक हसायला बसलेत.