उपरण्याची एकादशी

पेशवाईतल्या बुधवार पेठेत, सिराज मोमीनच्या दुकानी वेणूकाकू रेशमाची लड घ्यायला आल्या होत्या, तोच यज्ञेश्वरशास्त्री उघड्या अंगाने तरातरा आत शिरले. हातातल्या टोपलीत त्यांचं उपरणं धापा टाकत होतं. काकूंनी घेतलेली लड खाली ठेवली आणि दुसरी निवडायला घेतली. अशा वेळी घाई करायची नसते.

“सिराजमियाँ, हे परत घ्या!”

“का हो शास्त्रीबुवा? जिवंत रेशीम ते. किडा न मारता काढलेलं, अष्टौप्रहर सोवळं, असं आपणच पेठभर सांगत होतात.”

“काल भरल्या देवळात मी उपवासाचं माहात्म्य सांगत होतो, आणि यानं माझं जानवं खाल्लं!”

“सबंध?”

“ब्रह्मगाठीसकट! आता मला पुराण सांगायला बोलावणार कोण?”

“रोज सकाळी तुतीचा पाला घाला, म्हटलं होतं मी.”

“काल एकादशी होती. माझ्या अंगावरच्या जिवानं एकादशीला खायचं?”

“आणि आपण?”

“मला कडकडीत उपवास.”

“पाणीसुद्धा नाही?”

“पाणी कशाला? दूध घेतलं. वरीचे तांदूळ, रताळ्याचा कीस, चार केळी, थोडा खजूर. फराळ हो, खाणं नव्हे!”

“मग यानंही फराळच केला म्हणायचा.”

काकूंनी पदर तोंडाशी धरला. शास्त्रीबुवांनी टोपलीत बराच वेळ पाहिलं.

“तसं म्हणता येईल,” ते गंभीरपणे म्हणाले, “पण सूत उपवासाला चालतं का, ते पोथीत पाहावं लागेल.”