ऑगस्टाचा हिवाळी कोट

हॅलो?… हो, कपडेपट. कॉन्चेटाच बोलतेय… कोण, मॅरेन? अगं, मीच तुला फोन करणार होते… नाही, खरंच करणार होते. सकाळपासून तीनदा उचलला आणि ठेवला.

नाही… नाही गं, मापाची तारीख विचारू नकोस… ऐक ना आधी. बसली आहेस का?… नाही? मग बस.

मागच्या आठवड्यात मी तुला काय म्हटलं? ऑगस्टाचा नवा हिवाळी कोट शिवायला आलाय, म्हणजे मालिकेच्या तिसऱ्या सीझनला तू पक्की. हो ना?… हो, मीच म्हटलं. छातीठोक म्हटलं. एकवीस वर्षं या धंद्यात घालवली आणि अक्कल ही अशी!

अगं, आमच्याकडे रॅकवर चिठ्ठी पात्राच्या नावाची असते. नटीचं नाव नसतं गं तिच्यावर… ऑगस्टा आहे. ऑगस्टा राहणार आहे.

आज मापं आली.

खांदा दीड इंच कमी. बाही दोन इंच कमी…

बारीक झालीस? अगं, बारीक झालं म्हणून हात आखूड होतात का?… रडू नकोस. रड, रड. काय करणार.

कोण ते माहीत नाही. एकोणीस वर्षांची आहे म्हणे… हो, तू सव्वीसची. सतरा वर्षांची श्रीमंत पोरगी अजून किती वर्षं खपवणार, असं वरच्या मजल्यावर बोलणं झालं असेल. मला कोण सांगतंय?

लोक ओरडतील? ओरडतील दोन आठवडे. ऑगस्टा उन्हाळाभर स्वित्झर्लंडला जाते आणि नवा चेहरा घेऊन परत येते, झालं. पार्क ॲव्हेन्यूच्या श्रीमंत घरात काहीही चालतं.

तुझा एजंट काय म्हणतो?… पाच दिवस उचलत नाही? मग त्याला माहीत आहे, मेल्याला.

बरं, ते नाटक? डाउनटाउनचं… नर्सचं काम, तुला इतकं आवडलेलं… नाही म्हणालीस? कधी?… गुरुवारी? माझ्या फोननंतर?

अरे देवा… अगं, मग आत्ता लाव ना त्यांना फोन! सांग, चूक झाली म्हणावं… लावलास? आज सकाळी?… दिलं? दुसरीला?…

मॅरेन, मला माफ कर. माझ्या तोंडाला कुलूप हवं होतं… नाही, तू नको समजूत घालूस माझी. तू शिव्या घाल… अगं, घाल ना दोन शिव्या!

काय?… कोट? तयार आहे. उंटाच्या रंगाचा, गुडघ्यापर्यंत… देखणा झालाय, खोटं कशाला बोलू. बाह्या आजच कापल्या.

हो… चोरखिसा आहे. डाव्या अस्तरात, जुन्यासारखाच. तुझ्या खोकल्याच्या गोळ्यांसाठी. कुणी सांगितला नव्हता, मीच शिवला… उसवते. आत्ता उसवते.

नको?… राहू दे म्हणतेस? अगं, पण का?… हो. शूटिंगच्या त्या गोदामात थंडी असतेच, तिलाही खोकला होईल. फेब्रुवारीत तर…

थांब हं जरा, दार वाजतंय… हो. ती नवी पोरगीच मापाला आली असेल… नाही, चांगली दिसते. घाबरलीय… मॅरेन, संध्याकाळी घरी ये. मी रस्सा करते, नुसती बसून राहा… मॅरेन?

हॅलो?… हॅलो?…

ये बाळा, आत ये. हो, तुझाच कोट. हात पसर.