साडेपाचची मावशी

—नाही, खुर्ची खिडकीकडे नका वळवू, बावीस वर्षं तोंडावर दिवे घेतलेत, आता जरा सावलीत बसू दे. आणि ते रेकॉर्डिंगचं यंत्र टेबलावर ठेवा, मांडीवरून घसरेल. तर काय म्हणत होते मी— हां, टीव्हीवरची पहिली बाई. पहिली म्हणजे काय हो, तिथे दुसरी कुणी नव्हतीच. एक खोली, एक कॅमेरा, पंखा बंद— कारण त्याचा आवाज यायचा— आणि साडेपाचला लाल दिवा लागला की मी हसायचं. सगळं थेट, चुकलं तर सगळ्यांसमोर चुकलं. ‘मुलांनो, आली तुमची मावशी’ एवढं म्हटलं की घराघरांत पोरं चिडीचूप. अहो, भाजीवालासुद्धा मावशी म्हणायचा, आणि तो माझ्या वडिलांच्या वयाचा. हसताय ना? मीही हसायचे.

आमच्या केंद्राच्या साहेबांचा नियम होता. कागदावर नव्हता, पण साहेब बोलले की झालं. मावशी सगळ्यांची, तिला स्वतःचं मूल नको— बघणाऱ्या पोरांना हेवा वाटतो म्हणे. नवरा चालेल, पण दिसायला नको. माझा तसाही दिसत नव्हता, बोटीवर कामाला गेला तो गेलाच. नोकरी सोडून खाणार काय— आणि खरं सांगू, नुसता पोटाचा प्रश्न नव्हता तो. मला तो दिवा हवा होता.

वाढदिवसाची पत्रं मीच वाचायचे. नात्यातल्या मुलांची नावं घ्यायची नाहीत, हाही नियम. माझ्या ताईची मुलगी— आत चहा करतेय ना, तीच, ताई गेल्यावर इथे राहायला आली— तिने सहाव्या वाढदिवसाला स्वतःच्या हाताने पत्र धाडलं. वेडंवाकडं अक्षर, पाकिटाला डिंक फासलेला. मी ते हातात घेतलं, दिवा चालू, आणि— खाली सरकवलं. पुढचं वाचलं. कुठल्या कोण पोराला शुभेच्छा दिल्या, वर गाणंही म्हटलं. ही तिकडे नवा फ्रॉक घालून टीव्हीसमोर. जेवली नाही त्या दिवशी. हट्टी तर जन्मापासून, बाहेर यायलाच तयार नव्हती, चौदा तास मला नुसतं—

ताईला. ताईला म्हणायचंय मला.

असे बघू नका हो. मी तीन महिने आजारी होते तेव्हा बाहुल्यांनी कार्यक्रम चालवला, हे तुमच्या कागदांत असेलच. लावा आता हिशेब. ताई म्हणाली, दे माझ्याकडे, नोकरी सोडलीस की घेऊन जा. मी आज सोडते, उद्या सोडते— तोवर पोर तिला आई म्हणायला लागली, आणि मला इतर पोरं म्हणायची तेच. आता ताई नाही, साहेब नाहीत, सांगायला कुणाची आडकाठी? रोज सकाळी ठरवते. मग ती माझे केस विंचरते आणि विंचरता विंचरता आईच्या आठवणीने रडते, माझ्याच खांद्यावर डोकं ठेवून. तिची आई कशी काढून घेऊ तिच्याकडून? सांगा ना.

बंद करा ते. पुसून टाका, माझ्यासमोर. एवढंच लिहा, मावशींना मुलं फार आवडायची. आणि उठा आता— ये गं, ये. नको, एकच कप ठेव. हे निघालेत.