न उकळलेला बिब्बा

मंडळी, आख्यानाला हात घालण्याआधी एक विचारतो. माणूस खोटं बोलला, तर ते उठतं कुणाच्या अंगावर? त्याच्याच? — पहा, पुढचे काका मान डोलावताहेत! काका, घाई नको. शेवटी पुन्हा विचारणार आहे!

तर ऐका. एका गावात आयुर्वेदाचं कॉलेज. तिथे वैद्य मुकुंद आठलेकर रसशास्त्र शिकवायचे. रसशास्त्र म्हणजे औषधं करण्याची विद्या. काय हातोटी त्या माणसाची! बिब्बा माहीत आहे ना? नुसता अंगाला लागला तरी उततो, फोड येतात. त्याला आधी विटेच्या भुकटीत घोळवायचा, घासायचा, धुवायचा, तेव्हा कुठे तो औषधाच्या कामाचा. आणि त्या प्रात्यक्षिकाच्या दिवशी आठलेकर सर काय करायचे? खोबरेल तेलाची वाटी घेऊन प्रत्येक मुलाच्या हाताला स्वतः तेल चोळायचे. आईनं चोळावं तसं! बोटांच्या बेचक्यांतसुद्धा!

असा हा गुरू — पण प्रोफेसर होईना! पदवी होती. अनुभव होता. मग अडलं कुठे? नियमात! वर चढायचं तर छापलेले शोधनिबंध हवेत. आता मंडळी, नियम वाईट नाही हं. जो दुसऱ्याला शिकवतो, त्यानं स्वतः काही शोधावं, यात चूक काय? पण सरांचा एक निबंध कमी पडला. मागून आलेले पुढे गेले. चहाच्या वेळी कालचं पोर त्यांना म्हणू लागलं, “या आठलेकर, बसा.” — या आठलेकर! झोंबलं हो, फार झोंबलं.

आणि एका दुपारी सर लिहायला बसले. काय लिहिलं? ‘बिब्ब्याला विटेची भुकटी नको. दुधात एक उकळी दिली की पुरे. हाताला तेल लावण्याचीही गरज नाही. आम्ही अनेकदा करून पाहिले आहे.’

करून पाहिलं होतं का? — नाही! एक बिब्बा नाही, पळीभर दूध नाही! सगळं टेबलावर बसून! आणि छापून आलं की! सर मनाला म्हणाले, “असले निबंध वाचतो कोण?”

मंडळी, कुणीतरी वाचतं! कायम वाचतं!

मुलाखतीचा दिवस उजाडला. बाहेरून आलेले तज्ज्ञ, मध्ये अध्यक्ष. अध्यक्ष खूश! “आठलेकर, काय शोध लावलात! तुमच्या विभागात कुणी करून दाखवेल का?”

सर हातातले कागद चाळू लागले. तेवढ्यात शिपाई म्हणतो, “साहेब, हेमांगी मॅडमनी कालच केलंय. बोलावू?”

हेमांगी कोण? सरांचीच विद्यार्थिनी, आता त्यांच्याच हाताखाली शिकवणारी. सरांना वाटलं, नाही म्हणावं. पण काय सांगून नाही म्हणणार?

दार उघडलं — आणि अख्खी खोली उभी राहिली! अरे देवा! शिपायानं दंड धरून एका बाईला आत आणलं. चेहरा सुजलेला. डोळे मिटलेले, उघडतच नाहीत. दोन्ही हातांवर फोड, कोपरापर्यंत फोड!

“हे काय झालं?” अध्यक्ष ओरडलेच.

ती काय म्हणाली, ऐका. म्हणाली, “सरांची पद्धत बरोबर आहे हो. चूक माझीच झाली असेल. दूध कमी पडलं असेल. मुलांना हात लावू दिला नाही मी, म्हटलं, आधी आपण करावं.”

“आणि तेल?” सरांच्या तोंडून कसंबसं निघालं.

“सर, तुम्हीच लिहिलंय ना, नको म्हणून? मला आधी खरं वाटेना. तुम्ही तर दरवर्षी आमच्या हातांना तेल लावायचात. पण मग म्हटलं, सरांनी लिहिलंय म्हणजे करून पाहिलेलंच असणार.”

घ्या! अजून विश्वास! फोडांनी भरलेले हात, आणि तरी विश्वास!

आणि पुढचं ऐकून तर कानांवर हात ठेवाल. अध्यक्ष खाली बसले, पेन काढलं नि म्हणाले, “बाई स्वतःच चूक कबूल करताहेत. मग आठलेकरांच्या बढतीला हरकत नाही.”

हरकत नाही! झालं होतं काम, मंडळी! फक्त गप्प बसायचं होतं! खुर्ची समोर. तुम्ही काय केलं असतं? — नका सांगू!

सरांनी त्या हातांकडे पाहिलं. म्हणाले, “साहेब, सही करू नका. मी एकही बिब्बा उकळला नाही. तो निबंध खोटा आहे.”

बढती गेली, अब्रू गेली. सर तसेच बाहेर धावले, प्रयोगशाळेतून तेलाची ती वाटी घेऊन आले, हेमांगीपुढे गुडघ्यांवर बसले. “पोरी, हात दे.”

आणि तिनं — हात मागे घेतले!

मिटल्या डोळ्यांनी, हळू आवाजात म्हणाली, “तुम्ही नको, सर. दुसऱ्या कुणाला तरी लावू द्या.”

इतकी वर्षं ज्या हातांनी तेल लावलं, मंडळी, त्या हातांत वाटी तशीच राहिली. सर रडले. मोठ्यानं रडले. रडून काय उपयोग? ती शिपायाचा हात धरून निघून गेली.

हं, काका! आता सांगा. खोटं उठलं कुणाच्या अंगावर? — मान हलेना ना आता?

आणि तुम्ही हसू नका, ताई! परवा मोबाईलवर कारल्याच्या रसाचा निरोप कुणी धाडला? ‘मधुमेह मुळापासून जातो, स्वतः अनुभवलंय!’ अनुभवलंय? अहो, तुम्हाला मधुमेह नाही! पण तुमच्या भावजयीला आहे. तिनं वाचलंय. ती म्हणत असेल, वन्संनी लिहिलंय म्हणजे करून पाहिलेलंच असणार. आज तिनं गोळी घेतली का हो? विचारलंत?

आज शेवटी गजर नको, टाळ्याही नकोत. घरी जा, आधी तिला फोन करा.